ताटाची डावी बाजू

फिलिपिन्सला जाऊन आलेली मराठी माणसं समुद्राबद्दल भरभरून बोलतात आणि जेवणाचा विषय निघाला की आवरतं घेतात. फारच खोदून विचारलं तर म्हणतात, ‘काही दम नाही हो, मसालाच घालत नाहीत.’ जून २०२५पासून भारतीय पर्यटकांना १४ दिवसांपर्यंत तिथे व्हिसा लागत नाही, त्यामुळे हे वाक्य यापुढे बरंच ऐकायला मिळणार. मनिलातल्या मॉलमध्ये साखर घातलेल्या सॉसची स्पॅगेटी आणि तळलेली कोंबडी खाऊन कुणाचं असं मत झालं असेल, तर त्याला दोष देता येत नाही. पहिल्या रात्री आम्हीही तेच खाल्लं होतं आणि खोलीवर येऊन ताईंनी मेतकुटाची पुडी उघडली होती.

ताई म्हणजे माझी थोरली नणंद. शाळेत भूगोल शिकवायच्या. फळ्यावर ज्वालामुखीची आकृती काढण्यात अर्धी हयात गेली, खरा ज्वालामुखी बघायचा राहिला होता. म्हणून आम्ही लुझोन बेटाच्या आग्नेयेला, बिकोल प्रांतातल्या लेगाझ्पी शहरात गेलो. तिथला मायोन २,४६२ मीटर उंच आहे आणि कंपासने आखून द्यावा इतका नीटस. १८१४ सालच्या फेब्रुवारीत तो फुटला तेव्हा कागसावा गाव गाडलं गेलं. चर्चचा मनोरा तेवढा आजही जमिनीवर उभा दिसतो. आम्ही पोचलो त्या दिवशी मायोन ढगात गेला तो गेलाच. ताई खिडकीशी बसून राहिल्या. त्यांचा चेहरा बघून होमस्टेच्या मालकिणीने सुचवलं, ‘माझी आत्या घरी स्वयंपाक शिकवते, उद्या बाजारात जाणारच आहे, जाता का तिच्याबरोबर?’

तिथे वडीलधाऱ्या बाईला ‘तीता’ म्हणतात. आम्हीही तीताच म्हणू लागलो. क्लास हा शब्द मात्र तिच्या प्रकाराला जरा मोठाच होता. बँकॉक, हनोईकडे पर्यटकांसाठी जे पाककृतींचे वर्ग चालतात त्यात सगळं चिरून, मोजून, छोट्या वाट्यांत मांडून ठेवलेलं असतं. आपण कढईत ओतायचं, फोटो काढायचा आणि एप्रन परत द्यायचा. तीताकडे एप्रन नव्हता. पिशवी होती, ती माझ्या हातात दिली.

लेगाझ्पीच्या बाजारात फिरताना मला पहिल्यांदा जाणवलं की आपण चुकीच्या गोष्टी शोधतोय. डोळे आपोआप मसाल्याच्या दुकानाकडे जातात. ते जवळपास नाहीच. मिरी आहे, तमालपत्र आहे, आलं-लसूण आहे, आणि तेवढ्यावर बाई बाजार आटपते. पण व्हिनेगरच्या बाटल्यांपाशी ती थांबली ती थांबलीच. माडाच्या नीऱ्याचं वेगळं, उसाचं वेगळं, खाडीकाठच्या निपा पामचं वेगळं. कुठल्या बाटलीत मिरच्या आणि लसूण बुडवलेले, कुठलं अजून गढूळ. तीताने झाकण उघडून दोन बाटल्यांचा वास घेतला, तिसरी घेतली. आपल्याकडे घरात व्हिनेगरची एक काचेची बाटली असते, चायनीज करायचं असेल तेव्हा निघते आणि वर्षभर पुरते. इथे सुका, म्हणजे व्हिनेगर, हे पाण्याच्या खालोखाल लागणारं द्रव्य आहे. माडाचा रस काढला की सकाळी गोड, संध्याकाळी माडी आणि पुढे तसाच ठेवला की आंबट. तो करावा लागत नाही, होतो. कोकणात माड तोच आणि माडीही तीच, पण पुढची पायरी आपण सोडून दिली. ती टिकली ती गोव्यातल्या ख्रिस्ती घरांत.

कांदे घेताना तीता हसली. मोठ्या कांद्याला तिकडे बॉम्बेचा कांदा म्हणतात आणि भारतातून आलेल्या माणसाला ‘बुंबाय’. ‘तुम्ही आणि कांदा एकाच गावचे’, असं म्हणून तिने माझ्या खांद्यावर थाप मारली. मी नाशिकचा विषय काढणार होते, पण तिने त्याआधीच २०२२चा डिसेंबर काढला. त्या महिन्यात मनिलात कांदा ७०० पेसो किलोपर्यंत गेला होता, मांसाहून महाग. पुढच्याच महिन्यात विमान कर्मचाऱ्यांच्या सामानात लपवून आणलेले कांदे पकडले गेले. ताईंना हे ऐकून फारच बरं वाटलं. कांद्यावरून सरकारं घाबरतात हा आपलाच खास अनुभव, अशी त्यांची समजूत होती.

मग मुख्य वस्तू: वाळवलेली अळूची पानं. काळपट हिरवी, चुरचुरीत, जुड्या बांधून ठेवलेली. अळूला तिकडे गाबी म्हणतात. मी कोकणातली, अळू बघून माझा जीव वरखाली होतो, पण अळू वाळवून खातात हे पाहिलं नव्हतं. आपण वाळवतो ते बोंबील, सोडे, जवळा. ते तर तिथे होतेच, शेजारच्याच फळीवर, आणि वास तोच. क्षणभर मालवणच्या बाजारात उभी आहे असं वाटलं.

घरी आल्यावर शाकाहाराचा प्रश्न निघाला. ताई काहीच खात नाहीत, अंडंसुद्धा. तीताने हे शांतपणे ऐकून घेतलं आणि विचारलं, ‘मग थोडंसं डुक्कर?’ ताईंनी मान हलवली. ‘कोळंबी?’ नाही. ‘बलाव?’ बलाव म्हणजे बारीक कोळंबीची मीठ घालून आंबवलेली गुलाबी चटणी. बिकोलमध्ये ती जवळजवळ प्रत्येक भाजीत जाते आणि तिथल्या लोकांच्या लेखी ते मीठच आहे, मासे नव्हेत. तीता थोडा वेळ विचारात पडली. तिच्या डोळ्यांसमोर बहुधा एक ताट होतं आणि त्यात एकेक पदार्थ विझत चालला होता. अखेर तिने दुसरी हंडी खाली काढली. लाइंग म्हणजे वाळक्या अळूची नारळाच्या दुधातली भाजी. बलाव नसलेलं लाइंग तिने आयुष्यात केलं नव्हतं, पण पाहुणी उपाशी राहणार म्हटल्यावर बायका जगात कुठेही दुसरी हंडी काढतात.

आधी नारळ. घोड्यासारखं एक बुटकं लाकडी बैठं आसन असतं आणि त्याच्या पुढच्या टोकाला दात्यांची लोखंडी पाती. त्यावर बसायचं आणि नारळाची अर्धी कवड पात्यावर फिरवायची. आमच्या घरच्या अडोळीची खवणी हीच. मी काही न बोलता बसले आणि खोवायला लागले. तीता बघत राहिली. माझ्याकडून शिकवणीचे पैसे घ्यायचे की नाहीत अशी शंका तिला आली असावी. पांढरं पांढरं खोवायचं, करवंटीचा काळा कीस येऊ द्यायचा नाही, हे मला आजीने बजावलं होतं. तीताला तिच्या आजीने. पहिलं दूध जाड, पाणी न घालता किंवा अगदी घोटभर घालून पिळलेलं, ते बाजूला ठेवायचं. मग कोमट पाणी घालून दुसरं, पातळ.

इथपर्यंत सगळं आपलंच. पुढे वाटा फुटल्या.

पातळ दुधात आलं, लसूण, कांदा, सुक्या माशाचे तुकडे आणि बलाव घालून तीताने हंडी चुलीवर ठेवली. ताईंच्या हंडीत आलं-लसूण-कांदा-मीठ एवढंच. दूध उकळायला लागल्यावर अळूची वाळकी पानं हाताने चुरून वर पसरली. मी सवयीने डाव उचलला आणि तिने तो माझ्या हातातून काढून घेतला. ढवळायचं नाही. पानं वरून हलकेच दाबायची, दूध वर आलं पाहिजे, पण हंडीत डाव फिरवायचा नाही. ढवळलं की खाजतं, असं बिकोलमधल्या सगळ्या बायका सांगतात.

आता आपल्या अळूच्या फदफद्याचं काय असतं? घोटणं. शिजलं की घोटायचं, डाळीचं पीठ लावून पुन्हा घोटायचं, एकजीव होईपर्यंत घोटत राहायचं. खाज जावी म्हणून चिंच किंवा आमसूल. अळूच्या पानात कॅल्शियम ऑक्झलेटचे सुईसारखे बारीक स्फटिक असतात, ते घशाला टोचतात. आपण त्यावर आंबट टाकतो. बिकोलची बाई पानं आधी वाळवते, मग मंद आचेवर तासभर शिजू देते आणि हात लावत नाही. ढवळण्या-न ढवळण्याने स्फटिकांना काही फरक पडत असेल यावर माझा विश्वास नाही. पण न ढवळल्यामुळे दुसरं काहीतरी होतं आणि ते मी डोळ्यांनी पाहिलं: पानांचा लगदा होत नाही. दूध हळूहळू पानांत मुरतं, पानं फुगतात आणि तरी त्यांचा एकेक पापुद्रा शाबूत राहतो.

दूध आटत आलं तेव्हा तिने जाड दूध ओतलं, वर हिरव्या लांब मिरच्या अख्ख्या ठेवल्या आणि आच वाढवली. मी अस्वस्थ झाले. नारळाच्या जाड दुधाला उकळी आली की ते फाटतं; आमच्याकडे शेवटी दूध घातलं की सगळं घर त्या पातेल्यावर नजर ठेवून असतं. तीता मात्र ते फाटण्याचीच वाट बघत होती. दूध रटरटलं, दाटलं, कडेने चकचकायला लागलं आणि खोबऱ्याचं तेल पानांवर तरंगून आलं. तेव्हा तिने आच बंद केली. मसाल्याला तेल सुटेपर्यंत परतावा, हे आपण म्हणतो. हिने मसाल्यावाचून दुधालाच तेल सुटेपर्यंत शिजवलं होतं. चव घेतली आणि माझी बोलती बंद झाली. खमंग, किंचित धुरकट, मागून मिरचीचा झटका. या भाजीत ‘काही दम नाही’ म्हणणाऱ्याला मी माझ्या घरी जेवायला बोलावणार नाही.

मिरचीवरून आठवलं. फिलिपिन्समध्ये इतरत्र जेवण सहसा तिखट नसतं. बिकोलचे लोक मात्र तिखटखाऊ म्हणून ओळखले जातात. डुकराचं मांस, नारळाचं दूध आणि मूठभर मिरच्या यांच्या त्यांच्या कालवणाला मनिलात ‘बिकोल एक्स्प्रेस’ हे आगगाडीचं नाव पडलं आणि तेच देशभर चाललं. मिरची दोघांचीही नाही. मेक्सिकोतल्या आकापुल्कोहून मनिलाला १५६५ ते १८१५ अशी अडीचशे वर्षं स्पॅनिश गलबतं ये-जा करत होती, त्यांनी प्रशांत महासागर ओलांडून ती इकडे आणली. आपल्याकडे ती पोर्तुगिजांबरोबर उलट्या दिशेने आली. ताईंनी लगेच पेपर नॅपकिनवर पृथ्वीचा गोल काढून तीताच्या नातवाला दोन्ही मार्ग दाखवले. पोरगा घटकाभर बघत राहिला आणि मग मोबाइलकडे वळला.

अदोबोवर फार लिहीत नाही, कारण त्याच्यावर सगळेच लिहितात. कोंबडी, व्हिनेगर, सोया सॉस, लसूण, मिरी, तमालपत्र. १६१३मध्ये एका स्पॅनिश पाद्र्याने तगालोगचा शब्दकोश छापला, त्यात त्याने या पदार्थाची नोंद ‘इथल्या लोकांचा अदोबो’ अशी केली होती. नाव स्पॅनिश, रीत त्यांच्या येण्याआधीची. त्यातही व्हिनेगर ओतल्यावर उकळी फुटेपर्यंत डाव लावायचा नाही, नाहीतर कच्चा आंबटपणा तसाच राहतो. दिवसभरात हात बांधून उभं राहण्याची मला सवय होत चालली होती.

सिनिगांग मात्र सांगण्यासारखं. आंबट, पातळ, वाफाळतं सार. तीताने तांदूळ धुतले आणि पहिलं पाणी फेकून दुसरं जपून ठेवलं. सार त्याच धुवणात होतं, त्याने किंचित दाटपणा येतो. त्यात मुळा, वांगं, चवळीच्या लांब शेंगा, नाळीची भाजी. आंबटाला चिंच चालते, कैरी चालते, पेरू चालतो. तीताच्या परसात बिलिंबीचं झाड होतं, आमच्या गावाकडे ज्याला बिंबलं म्हणतात ते, बुंध्यालाच घोसाने लटकलेली. तिने चार तोडून टाकली. फोडणी नाही, हळद नाही, मिरपूडही नाही. ताईंच्या वाट्याच्या सारात मासा नव्हता, त्यामुळे ते तर भाज्यांचं आंबट पाणीच. चाखलं तेव्हा मला वाटलं, हे अर्धवट आहे. काहीतरी घालायचं राहिलंय.

आणि राहिलंच होतं. ते पानावर घालायचं होतं.

जेवायला बसलो तेव्हा तीताने टेबलाच्या मधोमध बाटल्यांचा एक ताफा मांडला. मिरच्या-लसणीचं व्हिनेगर, सोया सॉस, पतिस म्हणजे माशाचा खारट अर्क, ठेचलेल्या इवल्या लाल मिरच्या, आणि अर्ध्या कापलेल्या कालामन्सींचा ढीग. कालामन्सी म्हणजे गोटीएवढं हिरवं लिंबू, आत केशरी. प्रत्येकाच्या पानाशेजारी एक बशी. तीताच्या नवऱ्याने आपल्या बशीत पतिस ओतलं, त्यात मिरची चिरडली, वर कालामन्सी पिळली. तो सारातला मासा त्यात बुडवून खाणार. मुलीने नुसतं व्हिनेगर घेतलं. नातवाने सोया सॉस आणि कालामन्सी. एकच सार, तीन बश्या, तीन चवी. या बशीतल्या प्रकाराला सावसावान म्हणतात. कुठल्या पदार्थाला कुठलं सावसावान शोभतं याचे संकेत आहेत, पण प्रमाण ज्याचं त्याचं. आपापलं कालवायचं, चाखायचं, पुन्हा थेंबभर घालायचं.

मी तीताला विचारलं, ‘तुमच्या सारात लोक मीठ-आंबट वरून घालतात, तुम्हाला वाईट नाही वाटत?’ तिला प्रश्नच कळला नाही. मी पुन्हा समजावून सांगितला. ती म्हणाली, ‘पण माझं काम तिथपर्यंतच आहे.’

हे वाक्य मी पुढे बराच वेळ चघळत राहिले. आपल्या ताटालाही डावी बाजू आहेच. पान मांडताना पहिलं मीठ वाढतात, मग लिंबाची फोड, चटणी, लोणचं, कोशिंबीर. म्हणजे जेवणाऱ्याने आपली चव आपण जुळवावी, ही सोय आपल्या पूर्वजांनी करून ठेवलेलीच आहे. पण मीठ वाढलेलं असतं म्हणून त्याला हात लावून बघा. आमच्या सासरी कुणी आमटीत चिमूटभर मीठ घातलं तर सासूबाई विचारत, ‘अळणी झालीय का?’ आणि त्या ‘का’वर सगळी पंगत थबकायची. पाहुणे मग सांगायचे, नाही नाही, मला जरा खारट लागतं, जुनी सवय. आमच्याकडे स्वयंपाक करणारीचा पदार्थ चुलीवरून उतरतो तेव्हा पूर्ण झालेला असतो; डावी बाजू शोभेला असते, फार तर शिस्तीला. म्हणून तर आपल्याला मसाला इतका नेमका लागतो. सगळं कढईतच साधायचं असतं, नंतर दुरुस्तीला वाव नाही. फिलिपिनो बाई मुद्दाम जागा सोडते. ती जागा न भरता जो जेवतो, तो ‘चव नाही’ म्हणत उठतो. हॉटेलातल्या बुफेत बश्या नसतात, असल्या तरी त्या कशासाठी ते कुणी सांगत नाही, आणि आपण सार नुसतंच पिऊन येतो.

तीताकडे ही जागा आणखी एका कारणाने मोठी झाली असावी. तिचा थोरला मुलगा गेली काही वर्षं आखातात आहे. लाखो फिलिपिनो घरांतून कुणी ना कुणी असं बाहेर असतं. रत्नागिरीकडच्या वाड्यांतून असतं तसंच. माझा एक मावसभाऊ दुबईत चार फिलिपिनोंबरोबर खोली वाटून राहायचा आणि रोज रात्री वरणावर लिंबू पिळून सोया सॉस घालायचा. त्याला आम्ही हसत असू. तीताचा मुलगा तिकडून फोन करतो आणि विचारतो, बशीत आज काय कालवलंस?

तो शुक्रवार होता. शुक्रवारी कॅथलिक घरांत मांस टाळायची जुनी रीत; ईस्टरआधीच्या उपवासाच्या दिवसांतली, पण अनेक घरांत ती वर्षभर चालते. म्हणून शुक्रवारी मुगाचं कालवण. मूग तिने भिजवून ठेवलेच होते. ते बघून ताई एकदम उठल्या. त्यांच्या पर्समध्ये हिंगाची डबी, मोहरी आणि गोडा मसाला कायम असतो. त्यावरून विमानतळावर आमचा खोळंबाही झाला होता. ‘तुझी आमटी होऊन जाऊ दे,’ त्यांनी मला फर्मावलं.

मी केली. मूग मऊ शिजवले, बाजारातली चिंच, थोडा काळा गूळ, गोडा मसाला, आणि शेवटी कढल्यात तेल तापवून मोहरी-हिंगाची फोडणी. मोहरी तडतडली तशी तीता दोन पावलं मागे सरली. हिंगाचा वास घरभर गेला. नातू शिंकत बाहेर पळाला. तीताच्या नवऱ्याने डबी उघडून नाकाला लावली आणि तितक्याच घाईने बंद केली. मी डाव फिरवला, भरपूर फिरवला, तेवढं मला माझ्या हक्काचं वाटलं.

तीताने भातावर आमटी घेतली, एक घास खाल्ला, डोळे मोठे केले आणि म्हणाली, ‘मासाराप!’ म्हणजे छान. मग तिने सवयीने बशी ओढली, पतिसमध्ये कालामन्सी पिळली, मिरची चिरडली आणि चमचाभर माझ्या आमटीवर ओतलं. माशाचा अर्क, गोड्या मसाल्याच्या आमटीवर. मी ताईंकडे बघितलं. त्या आता काय म्हणतील?

ताईंनी पतिसची बाटली निरखून बाजूला सारली. मिरच्यांच्या व्हिनेगरची घेतली. बशीत ओतलं, बोट बुडवून चाखलं, दोन थेंब कालामन्सीचे घातले, आणि सगळं आपल्या आमटीत रिकामं केलं. कालवून एक मोठा घास घेतला.

‘तुझ्या आमटीत चिंच नेहमीच जरा कमी पडते,’ त्या म्हणाल्या. लग्नाला इतकी वर्षं झाली, इतक्या दिवाळ्या झाल्या, हे मी पहिल्यांदा ऐकत होते.

तीताला मराठी कळत नव्हतं. तिला वाटलं कौतुक चाललंय, म्हणून तिने आनंदाने मान डोलावली आणि व्हिनेगरची बाटली माझ्याही पुढे केली.